डावरवाडीचं नेढं

समोर करवतीच्या रांगेत, त्या दोन सुळक्यांच्या मधल्या भिंतीला जे आरपार भोक दिसतंय, तेच नेढं. लांबून बैलगाडी जाईल एवढं वाटतं. जवळ गेलं की कळतं, एक माणूस डोक्यावर ओझं घेऊन वाकून जाईल, एवढंच ते आहे. सकाळी ऊन त्यातून येऊन गावाच्या चौथऱ्यावर पडतं, तेव्हा तो उन्हाचा कवडसा बघायला तुमच्यासारखी लांबलांबची माणसं येतात. बघा, खुशाल बघा. जवळ जायचं तर दगडांच्या ओळीपर्यंत जा. ओळीच्या पलीकडे पाऊल टाकू नका, आणि भोकात हात घालून बघायचा मोह तर मुळीच नको. अर्धवट गेलेल्याचं काय होतं ते आमच्यापैकी कोणाला माहीत नाही. ते माहीत करून घ्यायला गेलेला एक जण होता म्हणे, तो अजून यायचा आहे.

आता तुमच्या मनात दुसरंच काही असेल. कालपासून तुम्ही इथं उतरला आहात आणि या गावानं तुम्हाला जेवायला विचारलं नाही. पाणी दिलं, वाटीत मीठ दिलं, आणि तुमची शिदोरी तुम्हीच सोडा म्हणून सांगितलं. वर ते पाणीसुद्धा डाव्या हातानं दिलं. तुमच्या मुलखात हा अपमान होईल. इथं तो मान आहे. पाण्याला आणि मिठाला डावं-उजवं नसतं, अशी आमच्याकडे म्हण आहे. बाकी सगळ्याला असतं. ते कसं, ते ऐका.

फार जुनी गोष्ट. तेव्हा डावरवाडी नव्हती. रांगेच्या या अंगाला नुसतं रान होतं. गाव होतं ते पलीकडच्या, उगवतीच्या अंगाला. बोरखळ त्याचं नाव, आजही ते तिथंच आहे. त्या बोरखळात येसबा नावाचा मध काढणारा राहायचा. घरात त्याची आई तानाई, बायको गोजरा आणि नुकती बसायला लागलेली मुलगी. मुलीचं नाव मात्र कोणी सांगत नाही. तिला सगळे चिमणीच म्हणत.

नेढ्याचा धाक तेव्हाही होता. गावचा धर्मू नाईक तरुण असताना त्याचा कुत्रा सशामागे नेढ्यात शिरला, पल्याड गेला आणि रांगेला वळसा घालून घरी आला. आला तो ठीकठाक. फक्त काळा कान डावीकडे होता तो उजवीकडे दिसायला लागला. थोड्या दिवसांनी तोच कुत्रा पुन्हा नेढ्यात शिरला. त्या खेपेला जे बाहेर पडलं ते नाईकानं एकट्यानं बघितलं आणि एकट्यानं पुरलं. त्यानं एवढंच सांगितलं, की जे आत असायला हवं ते बाहेर होतं. तेव्हापासून बोरखळात एक गोष्ट पक्की झाली. पहिल्या फेरीत नेढं बाजू पालटतं आणि दुसऱ्या फेरीत आत-बाहेर पालटतं.

एका उन्हाळ्यात येसबा रांगेला वळसा घालून या अंगाला मध काढायला आला. नेढ्याच्या खाली, मावळतीच्या बाजूला कड्यात एक कपार आहे, तिथं मोठी पोळी लागत. दोर घसरला आणि येसबा कपारीत पडला. पायाचं हाड मोडून बाहेर आलं. तो ओरडला आणि त्याची हाक नेढ्यातून सरळ बोरखळात ऐकू गेली. माणसं जमली. वळसा घालून जायचं तर दीड दिवसाची वाट. हाक मात्र हळूहळू बारीक होत होती.

"रक्त थांबत नाही," एवढं त्याचं बोलणं सगळ्यांना ऐकू आलं.

गोजरानं कडेवरची चिमणी तानाईच्या हातात दिली. नाईक वाट अडवून उभा राहिला.

"बाई, मी बघितलंय काय होतं ते," तो म्हणाला.

"ते दुसऱ्या फेरीला झालं होतं," गोजरा म्हणाली. "मी एकदाच जाणार आहे. येताना वळशानं येईन."

घरातून आणलेली शिदोरी तिनं पाठीला बांधली. त्यात भाकऱ्या होत्या आणि भाजलेल्या नाचणीची पुरचुंडी. जुनं लुगडं खांद्यावर टाकलं, वाकली आणि आत गेली.

आत काय झालं हे तिला पुढे पुष्कळांनी विचारलं. ती सांगायची, काही झालं नाही, झोपेत कूस बदलल्यासारखं वाटलं. पलीकडे निघाल्यावर तिनं मागे वळून बघितलं, तर नेढ्यातून तिचंच गाव दिसत होतं, पण देऊळ विहिरीच्या भलत्याच बाजूला होतं. तिला वाटलं, भोवळ आली असेल. ती कपारीत उतरली, लुगडं फाडून येसबाचा पाय आवळला, काठ्या बांधल्या. येसबा वाचला तो त्या बाईमुळे. मग त्याला कधी खांद्यावर, कधी ओढत, तिनं दक्षिणेच्या खिंडीतून घरी आणलं. दीड दिवसाच्या वाटेला त्यांना चांगले चार-पाच दिवस लागले. वाटेत दोघं शिदोरीवर राहिली. येसबाला मात्र त्या भाकरीनं काही तरतरी येईना. पायाच्या दुखण्यानं असेल असं समजून तिनं त्याला वाटेतली बोरं, करवंदं काढून दिली.

गावानं वाजतगाजत त्यांना आत घेतलं. गोजरा उंबऱ्यावर अडखळली. घराचं दार ज्या बाजूला असायला हवं तिथं नव्हतं. चूल वेगळ्या कोपऱ्यात, जातं वेगळ्या कोपऱ्यात.

"आत्याबाई, घर फिरवलंत का?" तिनं सासूला विचारलं.

तानाई तिच्याकडे बघतच राहिली. सुनेच्या उजव्या गालावरचा तीळ डाव्या गालावर होता. नथ दुसऱ्या नाकपुडीत होती. पदर दुसऱ्या खांद्यावरून आलेला. जात्याचा खुंटा तिनं धरला तो डाव्या हातानं आणि जातं फिरवलं ते उलटं. तिच्या लेखी ती नेहमीसारखीच दळत होती. तिच्या लेखी उलटं झालं होतं ते गाव, देऊळ, नवरा, सासू, आणि आभाळातल्या दोन चांदांपैकी थोरल्यावरचा डागसुद्धा.

खरं कोण पालटलं, यावर गावात बरेच दिवस वाद चालला म्हणतात. पण एका बाजूला एक बाई आणि दुसऱ्या बाजूला अख्खं गाव असलं की निकाल ठरलेलाच असतो. कोणीतरी म्हणालं, ही गोजरा नव्हेच. आरशात दिसतं तसलं तिचं बिंब नेढ्यानं बाहेर काढलंय आणि खरी गोजरा आतच ठेवून घेतली आहे. हे बोलणं तानाईच्या मनात रुतून बसलं. येसबा खाटेवर पडून ओरडायचा, "मी हिच्या खांद्यावरून आलोय, मला विचारा." पण तो तापात होता. तापातल्या माणसाचं कोण ऐकतं.

मग तानाईनं स्वतः परीक्षा घेतली. सुनेला न्हाणीशी नेऊन ती हळू आवाजात एकेक विचारत गेली. गोजराचं आधीचं मूल कितव्या महिन्यात गेलं, ते दोघींनी कुठल्या झाडाखाली पुरलं, त्या रात्री तानाई काय म्हणाली होती. हे येसबालाही माहीत नव्हतं. गोजरानं सगळं बरोबर सांगितलं.

"आणि तुझ्या लग्नाच्या वर्षी तेल सांडून माझा कुठला हात भाजला?"

"डावा," रोज डोळ्यांना दिसत होता तसाच गोजरानं लगेच सांगितला.

तानाईनं उजवा हात पुढे केला. त्यावर भाजल्याची खूण होती. गोजरानं खूण बघितली आणि ती रडायला लागली. कारण तिच्या डोळ्यांना तो डावाच हात दिसत होता.

इथवर असतं तर निभावलं असतं. डावखुरी सून म्हणून गावानं तिला सामावून घेतलं असतं. पण गोजरा वाळायला लागली. जेवायची चांगली, दोन माणसांचं जेवायची, आणि तासाभरात पुन्हा पोटात खड्डा. गूळ तिला खडा चघळल्यासारखा लागायचा. परसातल्या पुदिन्याला तिला शहाजिऱ्याचा वास यायचा. फक्त पाणी पूर्वीसारखं लागे आणि मीठ पूर्वीसारखं खारट. त्याहून वाईट म्हणजे चिमणीही सुकायला लागली. अंगावर प्यायची, पोट तट्ट फुगायचं, आणि तरी भुकेनं किंचाळायची. शेवटी तानाईनं तिला उचलून शेळीचं दूध पाजलं. पोर त्या दुधावर टवटवीत झाली. आई मात्र खंगत चालली.

गावाला याहून वेगळा पुरावा नको होता. भुताच्या अंगी अन्न लागत नाही, हे कोणालाही माहीत असतं. धर्मू नाईकानं चौथऱ्यावर सांगितलं, "धाकट्या चांदाच्या अवसेला हिला नेढ्यात सोडू. जिथली आहे तिथं जाईल, आणि आपली गोजरा असेल तर परत येईल." नाईक दुष्ट नव्हता. त्यानं ते खाली मान घालून सांगितलं. त्याला कुत्रा आठवत होता. तानाईलाही आठवत होता.

त्या दिवशी दुपारी तानाई घरी आली तेव्हा चिमणी ओसरीवर गोधडीत रडत होती. गोजरा तिच्यापासून हातभर अंतरावर भिंतीला टेकून बसली होती. दुधानं तिची चोळी भिजलेली, ओठ दातांखाली धरलेला, आणि दोन्ही हात तिनं स्वतःच्या मांडीखाली दाबून ठेवले होते. पोरीला घ्यायला ते हात आपोआप पुढे जात होते, म्हणून.

"घेत का नाहीस तिला?" तानाईनं विचारलं.

"घेतली की ती प्यायला बघते," गोजरा म्हणाली. "माझं दूध तिला मारतंय, आत्याबाई. तुम्ही शेळीचं पाजा."

तानाई तिथंच खाली बसली. तीळ, नथ, भाजलेला हात, सगळं त्या क्षणी तिच्या मनातून गेलं म्हणतात. बिंबाला असलं काही सुचत नाही. तिनं चिमणीला मांडीवर घेतलं, पाजलं, आणि मग पहिल्यांदा सुनेला भीती न बाळगता नीट विचारलं.

"गोजरा, तू कधीपासून खंगायला लागलीस? आठवून सांग. नेढ्यातून निघाल्या निघाल्या?"

"नाही. वाटेत मी चांगली होते. यांना खांद्यावर घेऊन घाट चढले."

"वाटेत काय खाल्लंस?"

"घरचीच शिदोरी. तुम्हीच तर भाजली होतीत भाकरी."

"तीच भाकरी इथं खातेस तर अंगी लागत नाही."

"नाही."

तानाईच्या डोक्यात काहीतरी फिरत होतं. मग तिनं विचारलं, "त्या शिदोरीतलं काही उरलंय?"

पुरचुंडीच्या तळाशी मूठभर भाजलेली नाचणी होती. गोजरानं ती खाल्ली, आणि खाता खाता थांबून म्हणाली, "ही गोड लागतेय." संध्याकाळी ती आपल्या पायांनी उठली आणि विहिरीपर्यंत जाऊन आली. तेव्हा तानाईला कळलं. शिदोरी सुनेच्या पाठीवर बसून नेढ्यातून गेली होती. जशी सून पालटली तशी भाकरीही पालटली होती. येसबाला त्या भाकरीनं तरतरी का आली नाही, तेही आता कळलं. माणूस खोटं नव्हतं आणि अन्नही खोटं नव्हतं. दोघांच्या बाजू जुळत नव्हत्या, एवढंच.

आता धान्य नेढ्यातून पलीकडे न्यायचं आणि वळशानं घरी आणायचं. पण पलीकडून ते उचलायला माणूस हवा. आधी वळशानं जायचं आणि मग वळशानं यायचं, एवढे दिवस गोजराकडे नव्हते. अवसही जवळ आली होती. म्हणजे कोणीतरी धान्य घेऊन नेढ्यातूनच जायला हवं होतं. येसबा खाटेवरून उठू शकत नव्हता. आणि गावात कोणाला विचारायची सोय नव्हती.

तानाई भित्री बाई होती हो. ती अंधारात परसातही जात नसे. हे आमच्याकडे मुद्दाम सांगतात, कारण पुढचं ऐकून लोकांना वाटतं की ती कोणी वाघीण असेल. ती येसबाच्या खाटेशी गेली.

"मी जाते," ती म्हणाली. "आणि पोरीला घेऊन जाते."

येसबानं कोपरावर अंग उचललं. मग म्हणाला, "तिला कशाला? ती शेळीच्या दुधावर चांगली आहे."

"चांगली आहे. पण तिची आई हातभर लांब बसून तिला बघते. असं किती वर्षं बघायचं? एकाच घरात, आणि एकीचं अन्न दुसरीला विष."

"आणि मी?"

"तुझा पाय बरा होईल तेव्हा तू ठरव. तुला कोणी ओढून नेणार नाही."

येसबानं चिमणीला छातीवर घेतलं. तिचा उजवा गाल, डावा गाल, दोन्ही कान नीट बघून घेतले. मग तिला तानाईकडे दिली.

पहाटे तानाई नेढ्याशी पोचली. डोक्यावर नाचणीची गोणी, पाठीला चिमणी बांधलेली. तोंडाशी आल्यावर तिनं आत वाकून बघितलं. तेवढ्यात मागून धर्मू नाईक आला. त्याला कोणी सांगितलं, की तो रोजच त्या बाजूला जायचा, ते माहीत नाही. तानाईला वाटलं, आता हा अडवणार. त्यानं अडवलं नाही. तिच्या डोक्यावरची गोणी कलली होती, ती त्यानं सरळ केली.

"मधे थांबू नकोस," तो म्हणाला. "कुत्रा पहिल्या खेपेला पळत गेला होता. त्याला काही झालं नव्हतं."

तानाई गेली. वळशाच्या वाटेवर तिनं चिमणीला त्याच नाचणीची आंबील पाजली आणि स्वतः तीच खाल्ली. घरी पोचली तेव्हा गोजरा अंथरुणाला लागली होती, पण होती. दारातून येणाऱ्या सासूकडे बघून ती म्हणाली, "आत्याबाई, गावाच्या लेखी आता तुमचा डावा हात भाजलाय." तानाईनं हात बघितला आणि म्हणाली, "उजवा गं बाई. आता तुला उजवा दिसेल." दोघींनी एकेका हाताला काय म्हणायचं यावर तिथंच वाद घातला. मग चिमणीला गोजराच्या मांडीवर ठेवलं. पोर प्यायली आणि पिता पिता झोपली.

अवसेला कोणालाही नेढ्यात सोडलं नाही. नाईकानं चौथऱ्यावर एवढंच सांगितलं की, बाई भूत असेल तर मीही तिच्या सासूच्या डोक्यावरची गोणी सावरणारा आहे, मलाही सोडा. तरीही बोरखळात त्यांचं राहणं जमेना. मुलं दगड मारत नव्हती, पण आया मुलांना जवळ ओढून घेत. शेजारणी वाटी मागायला येईनाशा झाल्या. त्यांचं धान्य वेगळं, पेरायचं वेगळं, जेवणात कोणाला बोलवायची सोय नाही. येसबाचा पाय जोडला गेला तेव्हा तो एका सकाळी लंगडत नेढ्याकडे गेला. बरोबर त्यानं गवताचं बी नेलं, भोपळ्याचं, मिरचीचं बी नेलं, आणि दोन गाभण शेळ्या नेल्या. वळशानं परत आलाच नाही. त्यानं इथं, या उतारावर झोपडी बांधली आणि सगळ्यांना बोलावून घेतलं.

तीच डावरवाडी. हे नाव पल्याडच्यांनी ठेवलेलं, डावखुऱ्यांची वाडी म्हणून. आमच्या बोलीत आम्ही तिला उजवाडी म्हणतो, आणि आमच्या मते आम्ही तुम्हाला पाणी उजव्याच हातानं देतो. पुढे आणखी माणसं येत गेली. कोणी भांडून आलं, कोणी प्रेमात पडून आलं. धर्मू नाईक म्हातारपणी आला असंही सांगतात, पण ते मला खरं वाटत नाही. तो तिकडच्या बाजूनं दगडांची ओळ रचत राहिला, हे मात्र खरं असावं. तशी ओळ आता दोन्ही बाजूंना आहे.

आजही या गावात लग्न करून येणारी मुलगी, किंवा मुलगा, उगवतीच्या बाजूनं नेढ्यात शिरतो. डोक्यावर त्याच्या घरच्या धान्याची पाटी असते. माहेरची माणसं ओळीच्या अलीकडे थांबतात. पलीकडे सासू हात पुढे करून उभी असते, आणि ती एकच वाक्य म्हणते, "मधे थांबू नकोस." कोणावर जबरदस्ती नाही. तोंडाशी येऊन परत फिरलेल्या मुली मी बघितल्या आहेत. त्यांना कोणी नावं ठेवत नाही, उलट त्यांना साडी देऊन वाटेला लावतात. छातीवर हात ठेवून बघाल तर आमच्या गावात काळीज तुमच्या दुसऱ्या बाजूला धडधडताना लागेल. आमच्या शेतातलं तुम्ही खाल्लंत तर पोट भरेल, पण तुम्ही उपाशीच राहाल. म्हणून तुम्हाला जेवायला विचारलं नाही.

मीही बोरखळचीच. या गावात येऊन मला खूप वर्षं झाली. नेढ्यातून येताना मलाही कूस बदलल्यासारखंच वाटलं, त्याहून जास्त काही सांगता येत नाही. पुढे आई होती तोवर वर्षातून एकदा मी वळशानं माहेरी जायचे. माझी शिदोरी माझ्याबरोबर असायची, आणि ती खरी माझी, हे आईला माहीत होतं. तरी ती पाट मांडायची. भाकरी, वरण, वांग्याची भाजी, जे असेल ते वाढायची. त्यातलं काहीच माझ्या अंगी लागणार नव्हतं. गूळ लावलेली दशमी मला मातीसारखी लागायची. मी सगळं खायचे. ती म्हणायची, "आणखी एक घे," आणि मी घ्यायचे.

मग मी तिची भांडी घासून द्यायचे, माझ्या हातानं, उलट्या बाजूनं, आणि ती शेजारी बसून बघत राहायची.